अकोल्याएवढ्याही नसलेल्या देशाचा लेफ्ट विंग

आमच्या शाळेच्या मागच्या भिंतीवर चुन्याने एक चौकट रंगवलेली आहे. तीन मीटर रुंद, दोन मीटर उंच. हँडबॉलचा गोल एवढाच असतो. यवतमाळ-दारव्हा रस्त्यापासून बरंच आत असलेल्या या गावात लोखंडी खांब नाहीत, जाळी नाही, आणि मैदानाची लांबीही चाळीस मीटर भरत नाही. पण तालुक्याच्या शालेय स्पर्धेला संघ न्यायचा, तर पोरांच्या नजरेत ती चौकट बसलेली हवी, म्हणून रंगवली.

श्रावणातल्या एका शनिवारी सकाळची शाळा सुटल्यावर सराव सुरू केला आणि पावसाची सर आली. पोट्टे व्हरांड्यात येऊन बसले. मी त्यांना आइसलँडच्या एका खेळाडूबद्दल सांगत होतो. देशाच्या संघाकडून पुरुषांच्या हँडबॉलमध्ये सर्वाधिक गोल करण्याचा जागतिक विक्रम त्याच्या नावावर आहे, गोल १,८७० च्या वर.

"सर, अठराशे? एकाच मानसाचे?" आठवीतली एक मुलगी म्हणाली. "खोटं वाटते."

तिची शंका रास्त होती. फुटबॉलमध्ये रोनाल्डोने देशासाठी सव्वाशेच्या पलीकडे गोल केले, तर त्याला जगाने डोक्यावर घेतलं. मग अठराशे म्हणजे काय? हा लेख मी तिच्यासाठी आणि तिच्यासारखाच प्रश्न पडलेल्या सगळ्यांसाठी लिहितो आहे, कारण हा आकडा नुसता ऐकून कळत नाही. तो कळण्यासाठी खेळ थोडा उलगडावा लागतो.

आधी माणसाचं नाव. गुद्यॉन वालुर सिगुर्दसन. जन्म ८ ऑगस्ट १९७९. यातलं 'सिगुर्दसन' हे आडनाव नाही. आइसलँडमध्ये बहुतेकांना आडनावच नसतं, बापाच्या नावाला 'सन' म्हणजे मुलगा जोडतात, आणि मुलगी असेल तर 'डोटिर'. (हे डोटिर आणि आपल्या संस्कृतातली दुहिता, दोन्ही मुळात एकाच शब्दातून आलेले आहेत.) आपण बापाचं नाव मधे लिहितो, ते शेवटी लिहितात. म्हणून तिथे पंतप्रधानालाही पहिल्या नावाने हाक मारतात, आणि मीही पुढे त्याला गुद्यॉनच म्हणणार आहे.

आता खेळ. मैदान ४० बाय २० मीटर. एका बाजूला सात खेळाडू, त्यातला एक गोलकीपर. तीस-तीस मिनिटांचे दोन डाव. गोलासमोर सहा मीटरवर एक वळणदार रेघ असते, तिच्या आतल्या भागाला आपले खेळाडू 'डी' म्हणतात. डीमध्ये फक्त गोलकीपर उभा राहू शकतो. चेंडू हातात घेऊन जास्तीत जास्त तीन पावलं आणि जास्तीत जास्त तीन सेकंद, एवढ्यात पास किंवा टप्पा किंवा थ्रो. मुद्दाम धरलं, ढकललं, तर दोन मिनिटं बाहेर. असं तीनदा झालं की लाल कार्ड.

या सगळ्यात एक नियम असा आहे की त्याच्यावरच गुद्यॉनचं आयुष्य उभं आहे. डीमध्ये पाय ठेवता येत नाही, पण डीवरच्या हवेत जाता येतं. रेघेच्या बाहेरून उडी घ्यायची, आणि पाय जमिनीला लागायच्या आत चेंडू हातातून सोडायचा. नंतर तुम्ही डीमध्ये पडलात तरी चालतं. कबड्डीत मध्यरेषेला हात टेकवण्यासाठी चढाईवाला अंग झोकून देतो ना, तसं इथे अंग हवेत झोकून द्यायचं.

हँडबॉलच्या एका सामन्यात एकेक संघ सहज पंचवीस-तीस गोल करतो. फुटबॉलच्या गोलाशी त्याची तुलना म्हणूनच चुकते. चांगला खेळाडू सामन्याला चार-पाच गोल करतो, आणि ते दर सामन्याला करत राहणं ही अवघड गोष्ट आहे. गुद्यॉनने देशासाठी साडेतीनशेच्या वर सामने खेळले. भागाकार केला तर सामन्याला पाचच्या किंचित वर गोल येतात. मुलीला हे फळ्यावर करून दाखवलं तेव्हा ती म्हणाली, "पाचच? मंग तर होऊ शकते." मला तो 'पाचच' फार आवडला. विक्रम एकदम अंगावर आला की खोटा वाटतो, सामन्यागणिक मोडला की दिसायला लागतो.

पण हे पाच गोल तो करायचा कुठून, तेही बघायला हवं. गुद्यॉन लेफ्ट विंग होता, म्हणजे डाव्या टोकाचा खेळाडू. मैदानावरची गोल करायला सगळ्यात अवघड जागा कोणती, असं मला विचाराल तर मी कोपऱ्याकडेच बोट दाखवीन.

हे समजायला आम्ही सुतळी आणली. भिंतीवरच्या चौकटीच्या दोन्ही खांबांच्या बुडाशी खिळे ठोकले, दोन सुतळ्या बांधल्या, आणि त्यांची दुसरी टोकं एकाच मुलाच्या हातात दिली. तो जिथे उभा असेल तिथून त्याला गोल केवढा दिसतो, ते त्या दोन सुतळ्यांमधल्या फटीवरून कळतं. प्रथम त्याला बरोबर समोर, नऊ मीटरवर उभं केलं. मोठ्या कोनमापकाने फट मोजली, एकोणीस अंशांच्या आसपास आली. घड्याळाच्या तबकडीवर एका मिनिटाचे सहा अंश होतात, म्हणजे इथून गोल तीन मिनिटांएवढा उघडा. मग त्याला डाव्या कोपऱ्यात पाठवलं. गोलाच्या मध्यापासून साडेसात मीटर बाजूला आणि भिंतीपासून फक्त दोन मीटर पुढे. ही जागा डीच्या रेघेच्या जेमतेम बाहेर येते. तिथे दोन्ही सुतळ्या जवळजवळ एकमेकींवर पडल्या. सहा अंश. घड्याळाचं एक मिनिट. आणि त्या एका मिनिटाच्या फटीत गोलकीपर हात-पाय पसरून उभा असणार.

मग विंगवरून गोल होतातच कसे? उडीमुळे. विंगचा खेळाडू सरळ गोलाकडे उडी मारत नाही, तो मैदानाच्या मध्याकडे, आत उडतो. समजा तो दोन मीटर आत आणि एक मीटर पुढे असा हवेत गेला आणि तिथून चेंडू सोडला. आता फट मोजा. पावणेचौदा अंश, म्हणजे जवळजवळ सव्वादोन मिनिटं. एका उडीत गोल दुपटीहून मोठा झाला! लोक म्हणतात, हवेत जास्त वेळ राहणारा खेळाडू देखणा दिसतो. ते खरंच आहे, पण तो हवेत राहतो ते देखणं दिसण्यासाठी नव्हे. तो प्रत्येक हातभर अंतराने कोन उघडत असतो, आणि त्याच वेळी गोलकीपर आधी हलतो का याची वाट बघत असतो. कीपरने पाय उचलला की खालून, हात वर नेले की कमरेजवळून, पुढे झेपावला की डोक्यावरून अलगद. आणखी एक थ्रो असतो, त्यात मनगट असं फिरवतात की चेंडू टप्पा पडल्यावर कीपरला वळसा घालून आत जातो. लेगस्पिन पाहिलेल्याला हे लगेच कळेल. मोठे खेळाडू त्यासाठी बोटांना राळ लावतात, म्हणजे चेंडू हाताला धरून राहतो. आमच्याकडे राळ नाही, घामाचे हात आहेत, त्यामुळे तो थ्रो आम्ही फक्त समजून घेतला.

विंगच्या गोलांचा दुसरा झरा म्हणजे फास्ट ब्रेक. बचाव करताना विंगचा खेळाडू सगळ्यात बाहेरच्या टोकाला असतो. समोरच्या संघाचा थ्रो सुटला रे सुटला की तो मागे वळूनही न बघता धावत सुटतो, आणि आपल्या कीपरने चेंडू अडवला की लांब पास थेट त्याच्या पुढ्यात येतो. मग समोर एकटा कीपर. ऐकायला सोपं आहे. पण थ्रो सुटण्याआधी अर्धा क्षण निघालात तर तुमची जागा उघडी पडते आणि तिथूनच गोल होतो, आणि अर्धा क्षण उशिरा निघालात तर दुसरा कोणी तुम्हाला गाठतो. शिवाय दहादा धावल्यावर पास एखाद-दोनदाच येतो. उरलेल्या वेळा रिकाम्या हाताने चाळीस मीटर परत यायचं. माझ्या मते गुद्यॉनच्या विक्रमातला सगळ्यात मोठा भाग या न मिळालेल्या पासांमागच्या धावण्यात आहे, जो कुठल्याच आकडेवारीत येत नाही.

पेनल्टीसारखा सात मीटरचा थ्रोही असतो, आणि तेही गोल एकूण बेरजेत धरले जातात, हे सांगून ठेवतो.

आता हा माणूस आला कुठून? आइसलँडची सगळी लोकसंख्या चार लाखांच्या आत. २०११ च्या जनगणनेत एकट्या अकोला शहराची त्याहून जास्त होती. म्हणजे आपल्या अकोल्याने स्वतःचा संघ करून ऑलिंपिकला पाठवावा आणि त्याने जगाला दमवावं, असा हा प्रकार. तिथे हिवाळा लांब, दिवस चार-पाच तासांचा, बाहेर बर्फ आणि वारा. म्हणून खेळ छताखाली आला आणि हँडबॉल घरोघरी रुजला. आपल्याकडे उलट आहे. मे महिन्यात पारा पंचेचाळीसला टेकतो, तेव्हा मैदान फक्त सकाळी सातच्या आतलं, आणि पावसाळ्यात काळ्या मातीचा चिखल पायाला सोडत नाही. आपण मुरूम टाकून वेळ काढतो. हवामानाशी भांडून खेळायचं, एवढं मात्र दोघांकडे सारखं.

गुद्यॉन १९९९ च्या डिसेंबरमध्ये देशाकडून पहिला सामना खेळला, वीस वर्षांचा असताना. मायदेशी अकुरेरीच्या केए क्लबाकडून खेळून २००१ मध्ये तो जर्मनीत एसेनला गेला. जर्मनीची बुंडेसलिगा ही हँडबॉलमधली सगळ्यात कसदार लीग मानली जाते. एसेनसोबत २००५ मध्ये त्याने युरोपातला ईएचएफ कप जिंकला आणि मग तो गुमर्सबाखला आला. हे नाव लक्षात ठेवा, पुढे लागेल. तिथे पहिल्याच, २००५-०६ च्या हंगामात त्याने २६४ गोल केले आणि लीगमध्ये पहिला आला. चौतीस सामन्यांची लीग, म्हणजे सामन्याला पावणेआठ. लगेच २००७ च्या जर्मनीतल्या विश्वचषकात ६६ गोल करून तो स्पर्धेतला सर्वाधिक गोल करणारा ठरला. विंगवरच्या माणसाने, त्या एका मिनिटाच्या फटीतून, हे करावं यावर मी अजूनही थबकतो.

आणि मग २००८, बीजिंग. आइसलँडने उपांत्यपूर्व सामन्यात पोलंडला ३२-३० ने हरवलं, उपांत्य सामन्यात स्पेनला ३६-३० ने. अंतिम सामन्यात फ्रान्सने त्यांना २८-२३ ने रोखलं. रौप्य मिळालं. त्या देशाला सांघिक खेळात मिळालेलं ते पहिलं ऑलिंपिक पदक होतं, आणि सगळे खेळ धरले तरी आजवरचं चौथं. संघ परतला तेव्हा रेक्याविक शहर रस्त्यावर उतरलं. त्यानंतर दोनच महिन्यांत त्यांच्या मोठ्या बँका कोसळल्या आणि देश कर्जात बुडाला. कापसाचा भाव पडलेल्या वर्षी गावाचा संघ जिल्ह्यात जिंकून येतो तेव्हा गावात काय होतं, ते ज्यांनी पाहिलंय त्यांना त्या रौप्याचं मोल वेगळं सांगायला नको. २०१० च्या युरोपीय स्पर्धेत त्यांनी कांस्यही मिळवलं.

क्लबांचा पुढचा प्रवास भरभर सांगतो, कारण तो मुख्यतः करंडकांची मोजणी आहे. राइन-नेकार लोवेन, मग कोपनहेगन. तिथे २०१२ मध्ये डेन्मार्कची लीग जिंकली आणि त्याच उन्हाळ्यात तो क्लब दिवाळखोरीत बंद पडला. मग कील, तिथे २०१३ आणि २०१४ अशी दोनदा जर्मन लीग. बार्सिलोनाकडून २०१५ मध्ये चॅम्पियन्स लीग, म्हणजे क्लब हँडबॉलचं शिखर. पुन्हा राइन-नेकार लोवेन आणि २०१७ ची जर्मन लीग. शेवटी पॅरिस. चार देशांच्या लीग त्याने जिंकल्या.

जागतिक विक्रम मोडला २०१८ च्या सुरुवातीला, अडतिसाव्या वर्षी. आधीचा विक्रम हंगेरीच्या पीटर कोवाचचा होता, ३२३ सामन्यांत १,७९७ गोल. इथे थोडं थांबू, कारण 'सर्वाधिक' हा शब्द फसवतो. कोवाचची सरासरी काढा. साडेपाचच्या वर येते. गुद्यॉनची पाचच्या किंचित वर. मग मोठा कोण?

आपल्याकडे हा वाद क्रिकेटमध्ये जुना आहे. सचिनच्या कसोटीत १५,९२१ धावा, सरासरी ५३.७८. ब्रॅडमनच्या ६,९९६, पण सरासरी ९९.९४. एकूण धावा सांगतात की माणूस किती काळ टिकला, सरासरी सांगते की खेळला त्या दिवशी तो किती भारी होता. दोन्ही खरे, दोन्ही वेगळे. कोवाच १९८६ च्या विश्वचषकात रौप्य मिळवणाऱ्या हंगेरीचा आधार होता आणि सामन्यामागे जास्त गोल करायचा. गुद्यॉनचा विक्रम टिकण्याचा आहे. १९९९ ते २०२०, युरोपीय स्पर्धा, विश्वचषक, ऑलिंपिक मिळून वीसच्या वर मोठ्या स्पर्धा. शेवटची युरोपीय स्पर्धा खेळला तेव्हा तो चाळीस वर्षांचा होता. मला स्वतःला हा विक्रम जास्त मोठा वाटतो, आणि त्याचं कारण पुन्हा विंगच आहे. या जागेवरचा खेळाडू प्रत्येक थ्रोनंतर हवेतून जमिनीवर आदळतो. सामन्यात आदळतो, सरावात त्याच्या कितीतरी पट आदळतो. वीस वर्षं गुडघे, घोटे, कंबर हे झेलत राहिले, म्हणूनच ती बेरीज होऊ शकली.

म्हणून आमच्या सरावात थ्रोच्या आधी पडायला शिकवतो. पोत्यांमध्ये सोयाबीनचं कुटार भरून ती भिंतीपुढे अंथरतो. एका पायावर ताठ उतरायचं नाही, गुडघा मोडून, कुशीवर वळत, अंग लोळू द्यायचं. मुरमावर हे न शिकता उडी मारणारा पोरगा एका हंगामात घरी बसतो. हे दुःख मी पाहिलेलं आहे.

मुलींनी विचारलंच, की बायांमध्ये मोठी खेळाडू कोण? रुमानियाची क्रिस्तिना नेआगू. २०१०, २०१५, २०१६ आणि २०१८ अशी चार वेळा ती जगातली सर्वोत्तम खेळाडू ठरली. ती लेफ्ट बॅक, म्हणजे लांबून, जोरावर मारणारी. पहिल्या आणि दुसऱ्या सन्मानामधली पाच वर्षं बघा. खांद्याच्या दुखापतीने ती त्या काळात दीर्घकाळ मैदानाबाहेर होती. खांदा दुखत असताना "काही नाही सर" म्हणणाऱ्या माझ्या दोन मुलींना मी ती पाच वर्षं मोजून दाखवली, आणि आठवडाभर थ्रो बंद ठेवला.

पालक विचारतात ते वेगळंच असतं, "याचं पुढं काय?" सरळ उत्तर असं की आपल्याकडे गुद्यॉनसारखी क्लबाची नोकरी नाही. पण शालेय स्पर्धांत ठरलेल्या स्तरापर्यंत कामगिरी केली तर दहावी-बारावीला क्रीडा गुण मिळतात, आणि राज्याच्या शासकीय नोकऱ्यांत खेळाडूंसाठी ५ टक्के आरक्षण आहे. प्रमाणपत्रं जपून ठेवा, एवढं मी प्रत्येक घरी जाऊन सांगतो.

हा खेळ आपल्याला परका वाटतो, म्हणून एक जुनी गोष्टही पोरांना सांगितली. हँडबॉल ऑलिंपिकमध्ये पहिल्यांदा आला तो १९३६ साली बर्लिनला, तेव्हा तो उघड्या मैदानावर अकरा-अकरा जणांत खेळला गेला. आजचा सात जणांचा खेळ १९७२ ला म्युनिकमध्ये आला, बायांचा १९७६ ला माँट्रियलमध्ये. आणि त्याच १९३६ च्या बर्लिनमध्ये आपल्या अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचं पथक कबड्डीचं प्रात्यक्षिक दाखवायला गेलं होतं. इथून शंभर किलोमीटरच्या आसपास असलेल्या गावची माणसं आणि हँडबॉल, एकाच वर्षी एकाच शहरात.

गुद्यॉनने एप्रिल २०२० मध्ये खेळणं थांबवलं आणि त्याच वर्षी प्रशिक्षक झाला. कुठे? गुमर्सबाखला. बारा वेळा जर्मन विजेता ठरलेला तो क्लब २०१९ मध्ये इतिहासात प्रथमच खालच्या श्रेणीत घसरला होता. २०२२ मध्ये गुद्यॉनने त्याला पुन्हा वर आणलं.

सर ओसरली तेव्हा ती आठवीतली मुलगी उठली. कोपऱ्यातल्या त्या जागेवर फक्कीने फुली मारलेली होती, तिथे उभी राहिली, तीन पावलं घेतली आणि आत उडाली. चेंडू जिथे सुटला ती जागा तिच्या मैत्रिणीने बघून ठेवली आणि चपलेने खूण केली. फुलीपासून दीड मीटर. सुतळ्या ताणून कोनमापक ठेवला, साडेदहा अंश आले. घड्याळाची पावणेदोन मिनिटं.

"अन् त्याची सव्वादोन?" तिने विचारलं.

मी हो म्हणालो. तिने चप्पल उचलली, अंदाजाने पाऊण मीटर पुढे नेऊन ठेवली, आणि पोती तिकडे सरकवायला लागली.